नमुना पाहावा, बोली लिहावी : वधूच्या मेकअप आर्टिस्टची निवड

कार्तिकी पौर्णिमेला चातुर्मास संपतो आणि आपल्या घरांतून लग्नकार्यांची लगबग सुरू होते. कार्यालय वर्षभर आधी ठरलेले असते, आचाऱ्यांशी बोलणे झालेले असते, दागिन्यांची घडणावळ तर त्याहूनही आधीची. वधूच्या मेकअपची आठवण मात्र पुष्कळ घरांत शेवटच्या महिन्यात होते. मग कोणीतरी एक नाव सुचविते, एक फोन होतो, ‘पॅकेज’ या एका शब्दावर सौदा पुरा होतो. आणि त्या पॅकेजात काय आले व काय राहिले, हे लग्नाच्या दिवशी सकाळी कळते.

ज्या घरात तुरीचे एक पोते घेतानाही मूठभर दाणे तळहातावर घेऊन पाहतात, कापडाचा तागा उलगडून उजेडात धरतात, त्या घरात असे व्हावे याचे नवल वाटते. कारण बहुधा असे, की मेकअप हा आपल्याला व्यवहार वाटतच नाही. तो हौसेचा भाग वाटतो आणि हौसेत फार प्रश्न विचारणे बरे दिसत नाही, असा आपला समज असतो. परंतु या हौसेत मुलीच्या त्वचेचा प्रश्न असतो, घरच्या पैशाचा असतो, आणि आपण पाळतो त्या अहिंसेचाही असतो. पेढीवर जे नियम आपण डोळे मिटून पाळतो, म्हणजे नमुना पाहणे, बोली स्पष्ट करणे आणि देणे वेळेवर चुकते करणे, तेच येथेही लावले तर यातील बहुतेक अडचणी उद्भवतच नाहीत.

ठरविणार कोण?

आपल्याकडे एकत्र कुटुंबात हा पहिला पेच असतो. विवाहाचा मेकअप माहेरचा, स्वागत समारंभाचा सासरचा, अशी खर्चाची वाटणी काही घरांत असते. मग सासरच्या काकूंची नेहमीची ब्युटिशियन ठरते आणि मुलगी तिला पहिल्यांदा भेटते ती थेट लग्नाच्या दिवशी. खर्च कोणीही करो, चेहरा मुलीचा आहे. वडीलधाऱ्यांनी खर्चाची मर्यादा सांगावी. नाव निवडणे आणि बोलणे मुलीने करावे. कोणत्या साबणाने तिला खाज येते, कोणत्या काजळाने डोळ्यांना पाणी येते, हे तिच्याइतके दुसऱ्या कोणास ठाऊक असणार? सासरकडून आधीच नाव ठरले असेल, तर त्याच व्यक्तीशी मुलीचे आधी बोलणे व्हावे, एवढी विनंती आईने विहिणीकडे मोकळेपणाने करावी. समजूतदार विहिणी ती मोडत नाहीत.

शोध कोठे घ्यावा?

पहिली विचारणा नात्यातील आणि परिचयातील नवविवाहितांकडे करावी. ‘छान होती का?’ असे विचारले तर ‘हो, छान होती’ एवढेच उत्तर मिळते. त्याऐवजी नेमके विचारावे : ती ठरल्या वेळी आली का? स्वतः आली की सहकारी पाठविली? चार तासांनंतर चेहरा कसा दिसत होता? दुसऱ्या दिवशी पुरळ उठले का? ठरल्यापेक्षा अधिक पैसे मागितले का? या पाच प्रश्नांच्या उत्तरांत पुष्कळसे कळून येते.

दुसरा जाणकार म्हणजे लग्नांचा फोटोग्राफर. तो वधूला सकाळी पाहतो आणि समारंभ संपताना, घामाने व अश्रूंनी परीक्षा घेतल्यावरही पाहतो. कोणाचे काम टिकते आणि कोणाचे ओघळते, हे त्याच्या कॅमेऱ्याला ठाऊक असते. कार्यालयाचे व्यवस्थापकही नावे देतात. तथापि त्यांचे कोणाशी ठरलेले संबंध आहेत का, हे विचारून घ्यावे.

इन्स्टाग्रामवर शोध घेताना एक भान ठेवावे. तेथील छायाचित्र हे दुकानाच्या काचेत मांडलेल्या मालासारखे असते. प्रकाश व फिल्टर यांनी त्वचा तुकतुकीत होते. म्हणून स्थिर छायाचित्रांपेक्षा चालते-बोलते व्हिडिओ पाहावेत, तेही दिवसाच्या उजेडातील. आपल्या मुलीच्या वर्णाच्या आणि चेहरेपट्टीच्या वधू त्यात आहेत का, ते पाहावे. सगळ्याच वधू एकाच रंगाच्या, एकाच नाकाच्या दिसू लागल्या, तर तो हात सगळ्यांवर एकच साचा फिरवितो असे समजावे. वधूंनी स्वतः टाकलेली छायाचित्रे अधिक बोलकी असतात. शेवटी तीन नावे हाती ठेवावीत. एकावर अडून राहू नये आणि दहांना दमवू नये.

पहिला निरोप

‘ब्रायडलचा रेट काय?’ असा रात्री अकरा वाजता एका ओळीचा निरोप गेला, की उत्तरही एका ओळीचे येते. हंगामात असे निरोप तिला अनेक येत असतात. आपला निरोप सुटसुटीत पण पुरा असावा. उदाहरणार्थ :

‘नमस्कार ताई. माझे लग्न 14 डिसेंबर रोजी सांगली येथे आहे. विवाह दुपारी 12.30 वाजता आणि स्वागत समारंभ 4 ते 6. मला दोन वेळा मेकअप, केशरचना व साडी नेसविणे हवे आहे. आई व दोन बहिणींचे एक वेळ. आमच्या घरी प्राणिजन्य घटक असलेली प्रसाधने वापरत नाहीत. आपल्याकडे तशी सोय आहे का, की काही वस्तू मी आणाव्यात? त्या दिवशी आपण मोकळ्या आहात का? आपण स्वतः येता का? चाचणीचे शुल्क वेगळे असते का? सवडीने कळवावे, ही विनंती.’

एवढ्या निरोपात तिला दिवस, गाव, माणसे, वेळ आणि आपली अट, असे सर्व काही कळते. तिने दिलेला भावही मग अंदाजाचा न राहता हिशेबाचा होतो. हंगामातील मुहूर्त मोजके असतात आणि एका मुहूर्तावर तिला एकच वधू घेता येते. त्यामुळे तारीख निश्चित होताच, शक्य तर पाच-सहा महिने आधी हा निरोप जावा. आणि जिची निवड केली नाही, तिलाही दोन शब्दांत नकार कळवावा. आपल्या उत्तराची वाट पाहत तिने तो दिवस मोकळा ठेवलेला असू शकतो.

अहिंसेची अट नेमकी सांगावी

‘आम्ही जैन आहोत, जरा बघा’ एवढ्याने काम होत नाही. कांदा-लसूण वगळण्याचे आचाऱ्यास कळते. लिपस्टिकमधील लाल रंग कोठून आला, हे मेकअप करणाऱ्या ताईस ठाऊक असेलच असे नाही. म्हणून नावे घेऊन सांगावे.

कार्माइन हा लाल रंग कोचिनील नावाचे किडे वाळवून त्यांपासून काढतात. लिपस्टिक, गालांची लाली आणि डोळ्यांवरील गुलाबी-जांभळ्या छटा यांत तो आढळतो. घटकांच्या यादीत त्याचा क्रमांक 75470 असा असतो. अक्षरे बारीक असली तरी हा आकडा ओळखता येतो. क्रमांक 75170 म्हणजे ग्वानिन; मोत्यासारखी चमक देणारा हा पदार्थ माशांच्या खवल्यांतून काढतात. लॅनोलिन मेंढीच्या लोकरीतील स्निग्धांश आहे. मेण मधमाश्यांचे असेल, तर यादीत ‘सेरा अल्बा’ असे लिहिलेले असते. शेलॅक म्हणजे लाखेच्या किड्यांची लाख. काही नेलपॉलिश व हेअर स्प्रे यांत ती असते. कृत्रिम पापण्या कधी मिंक या प्राण्याच्या केसांच्या असतात, आणि काही ब्रश बकरीच्या वा खारीच्या केसांचे. या प्रत्येकास पर्याय आहे. क्रमांक 77491 हा लोहाचा लालसर खनिज रंग, 15850 हा कृत्रिम लाल रंग. मेण वनस्पतींचेही मिळते. ब्रश व पापण्या कृत्रिम धाग्यांच्या सर्रास मिळतात.

दोन शब्दांत मात्र गल्लत करू नये. ‘क्रुएल्टी-फ्री’ म्हणजे त्या वस्तूची प्राण्यांवर चाचणी केलेली नाही. आपल्या देशात प्रसाधनांच्या अशा चाचण्यांवर 2014 साली बंदी आली आणि प्राण्यांवर चाचणी केलेल्या प्रसाधनांची आयातही त्याच वर्षी बंद झाली. परंतु चाचणी झाली नाही म्हणून घटक प्राणिजन्य नाहीत, असे ठरत नाही. कार्माइन असलेली लिपस्टिकही ‘क्रुएल्टी-फ्री’ म्हणवू शकते. प्राणिजन्य घटक नाहीत असे सांगणारा शब्द ‘व्हेगन’ हा आहे. काही वेष्टनांवर हिरवा ठिपका असतो, तो उपयोगी पडतो. ठिपका नसेल तर यादी वाचावी.

एखाद्या कसबी ताईकडे असा पूर्ण संच नसेल, तर तेवढ्यासाठी तिला नाकारण्याचे कारण नाही. ओठ, गाल व डोळे यांवरील रंग आणि पापण्या या मोजक्या वस्तू मुलीने स्वतः निवडून घेतल्या, की प्रश्नाचा मोठा भाग सुटतो. ती लिपस्टिक दिवसभर बरोबर राहते आणि नंतरही वापरात येते. फक्त त्या वस्तू चाचणीच्या दिवशी ताईंना दाखवाव्यात. लग्नाच्या सकाळी नवी डबी पुढे करू नये.

येथे कोणी म्हणेल, शालू रेशमाचा नेसायचा आणि लिपस्टिकच्या किड्याची चिंता करायची, हे कसे? प्रश्न रास्त आहे. काही घरांत रेशीमही वर्ज्य आहे, काही घरांत नाही. केसांत ताजी फुले न माळणारीही घरे आहेत. आपण कोठवर पाळतो ते प्रत्येक घराने आपापले ठरवावे. जे ठरेल ते मात्र ऐनवेळी कुरकुरत न सांगता आधी आणि स्पष्ट सांगावे. समोरच्या व्यक्तीने आपल्या मनातील नियम ओळखावेत, ही अपेक्षा न्यायाची नाही.

चाचणी : चेहऱ्याची आणि त्वचेची

तीन नावांतून एक निवडल्यावर चाचणी अवश्य घ्यावी, आणि तिचे शुल्क आनंदाने द्यावे. तिचा त्यात अर्धा दिवस जातो. चाचणीस जाताना शालूच्या रंगाचे कापड, दागिन्यांचे छायाचित्र आणि मुलीचे स्वतःचे, तिला आवडलेले एखादे छायाचित्र न्यावे. मेकअप झाल्यावर आरशाच्या दिव्यांसमोरून उठून दारात, उजेडात यावे. आपल्याकडील बहुतेक विधी दिवसा होतात. मंचावरच्या दिव्यांसाठी केलेला जाड थर दुपारच्या उन्हात निराळाच दिसतो. मान आणि चेहरा यांचा रंग जुळतो का ते पाहावे. मग घरी येऊन चार-पाच तास तो तसाच ठेवावा. एअरब्रश, एचडी अशी नावे ऐकून भाव ठरवू नये. एअरब्रशमध्ये रंग यंत्राने फवारतात, थर हलका बसतो. पण पाठवणीत अश्रूंचे ओघळ उमटले तर ते दुरुस्त करणे कठीण जाते. नावापेक्षा हात पाहावा.

ज्या मुलीची त्वचा नाजूक आहे, तिने फाउंडेशन आणि पापण्यांचा गोंद कानामागे किंवा कोपराच्या आतील बाजूस थोडासा लावून दोन दिवस पाहावे. मेहंदीबाबत तर हे अधिकच महत्त्वाचे. शुद्ध मेहंदी आधी नारिंगी रंगते आणि पुढे एक-दोन दिवसांत गडद होते. लावताच काळी रंगणाऱ्या मेहंदीत पीपीडी हे केस रंगविण्याचे रसायन असू शकते. त्याने त्वचेवर फोड येतात, आणि एकदा ही ॲलर्जी जडली की पुढे केसांचे रंगही सोसत नाहीत. लग्नाच्या आठवड्यात नवे फेशियल, नवी क्रीम, नवा उपचार काहीही करू नये. मुरमांचा जुना त्रास असेल, तर काही महिने आधी त्वचारोगतज्ज्ञांकडे जावे. मेकअप हा त्यावरचा उपचार नव्हे.

स्वच्छतेकडेही चाचणीतच लक्ष जाते. ब्रश धुतलेले आहेत का, लिपस्टिक थेट ओठांना न लावता काडीने काढून घेतात का, मस्काराची काडी प्रत्येकीसाठी वेगळी आहे का? एकाच काडीने चार जणींच्या डोळ्यांना हात लागला, तर डोळे येण्यास तेवढे पुरे.

‘जरा उजळ करा’

चाचणीच्या वेळी आई, आत्या, मामी जमतात आणि कोणीतरी हळूच म्हणते, ‘जरा उजळ करा.’ ताईही दोन छटा फिक्या फाउंडेशनने ते करून टाकते. छायाचित्रांत मग चेहरा राखाडी आणि हात सावळे दिसतात. ही झाली कामाची चूक. त्याहून खोल गोष्ट अशी, की ते शब्द मुलगी ऐकत असते. ज्या दिवशी सगळे तिच्याकडे कौतुकाने पाहणार, त्याच दिवसाच्या तयारीत तिला कळते, की तिचा मूळ वर्ण झाकण्याजोगा आहे. वर्षानुवर्षांची छायाचित्रे आपण काढून पाहू, तेव्हा त्यांत आपली मुलगी ओळखू यावी. म्हणून चाचणीस मुलीबरोबर एकच व्यक्ती जावी, तिला विश्वासाची वाटेल ती. आणि ‘माझ्या वर्णाला जुळेल असेच करा’ हे वाक्य मुलीने स्वतः, मोठ्याने म्हणावे. चांगल्या कलाकाराला असे ऐकून हायसेच वाटते.

घड्याळ उलटे लावावे

वधूचा मेकअप, केशरचना व साडी यांस दोन ते अडीच तास लागतात. 12.30 च्या विवाहास बाराच्या आत सिद्ध व्हायचे, तर नऊ वाजता बसावे लागते. आई व बहिणींचे काम त्याच हाताने व्हायचे असेल, तर त्याहून आधी प्रारंभ, किंवा एक सहकारी हवी. हे गणित ताईंबरोबर बसून मांडावे.

आपल्याकडे या गणितात आणखी एक ओळ हवी : वधूचे जेवण. डिसेंबरात आपल्या भागात सहाच्या सुमारास सूर्यास्त होतो. 4 ते 6 स्वागत समारंभ, त्याआधी दीड तास दुसरा मेकअप, त्याआधी छायाचित्रे. असा क्रम लागला तर चौविहार पाळणारी मुलगी सकाळच्या दुधावर दिवस काढते आणि सूर्यास्तानंतर पाणीही घेऊ शकत नाही. सगळी वऱ्हाडी मंडळी जेवून तृप्त, आणि जिचे लग्न तीच उपाशी! म्हणून विवाहानंतरची 45 मिनिटे भोजनासाठी राखून ठेवावीत, ओठांचा रंग भोजनानंतरच लावावा, आणि ही वेळ फोटोग्राफरलाही लेखी कळवावी.

बोली आणि देणे

शेवटी बोली. दोन्ही बाजूंना सोयीचे म्हणून ती व्हॉट्सॲपवर का होईना, लिहून घ्यावी : दिवस, स्थळ, पोहोचण्याची वेळ, किती जणींचे काय, ताई स्वतः येणार की सहकारी, प्रवास व मुक्कामाचा खर्च कोणाचा, कृत्रिम केस व पापण्या भावात धरल्या आहेत का, समारंभभर थांबणार का, आगाऊ किती, मुहूर्त बदलला तर आगाऊ रकमेचे काय, आणि ती आजारी पडली तर पर्याय कोण. आगाऊ रकमेची पोच घ्यावी. जीएसटी लावला असेल तर नोंदणी क्रमांकासह बिल मागावे. सेवेची वार्षिक उलाढाल 20 लाख रुपयांच्या आत असलेल्या व्यक्तीस सहसा नोंदणीची सक्ती नसते, आणि नोंदणी नसताना हा कर आकारता येत नाही, हे आपल्या व्यापारी वाचकांस सांगायला नकोच. ठरलेली सेवा दिली नाही आणि समजुतीने मार्ग निघाला नाही, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा 1915 हा क्रमांक आहे. लेखी बोली तेथे उपयोगी पडते.

बोलीला दुसरी बाजूही असते आणि ती आपली. काम झाल्यावर ‘थोडे कमी करा’, ‘या दोन मावश्यांचेही करून टाका’, ‘हिशेब उद्या बघू’ असे म्हणण्याची सवय काही घरांत आहे. मेकअप ही कष्टाने साधलेली विद्या आहे आणि तिच्यावर अनेक स्त्रियांची घरे चालतात. या व्यवसायात मानाने उभे राहण्यासाठी स्त्रियांना न्यायालयाची पायरी चढावी लागली आहे. मुंबईच्या चित्रपटसृष्टीतील संघटना अनेक दशके स्त्रियांना केशरचनेचेच काम करू देत असे; मेकअप आर्टिस्टचे ओळखपत्र पुरुषांनाच मिळे. चारू खुराना व इतर जणी सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि 10 नोव्हेंबर 2014 रोजी न्यायालयाने ही बंदी घटनाबाह्य ठरविली. आपल्या मुलीच्या लग्नात पहाटे अंधारात पेटी घेऊन येणारी ताई याच व्यवसायातील आहे. तिला आल्यावर चहा-नाश्ता विचारावा, बसायला उजेडाची जागा व विजेची सोय द्यावी, भोजनाच्या वेळी पाहुण्यांबरोबर पानावर बसवावे आणि उरलेली रक्कम पाठवणीच्या आधी तिच्या हाती पडेल, अशी जबाबदारी घरातील एकावर सोपवावी. वधूचा पिता त्या वेळी भानावर नसतो.

या हंगामात ज्या घरी कार्य असेल, तेथे मुलीने आजच एक कागद घ्यावा : एका बाजूस आपले प्रश्न, दुसऱ्या बाजूस आपल्या अटी. दोन्ही लिहून झाल्यावर मगच फोन उचलावा.